विलीनीकरण हरलं, मगो जिंकला. मग पक्ष गेला कुठे?

पुण्याच्या एका वाचकांनी विचारलंय: ‘महाराष्ट्रवादी गोमंतक पक्ष (मगो) गोवा महाराष्ट्रात विलीन करण्यासाठी निघाला. 1967 चा जनमत कौल तो हरला. तरी पुढची बारा वर्षं सत्तेत कसा राहिला? आणि इतका मुरलेला पक्ष आज दोन आमदारांवर कसा आला? आणि नाव अजून तेच का?’

मी 1988 साली पणजीत वार्ताहर म्हणून लागलो. मगोची भरती मी पाहिलेली नाही, ती थोरांकडून ऐकली आणि जुन्या कागदांत वाचली. ओहोटी मात्र जवळजवळ सगळी डोळ्यांसमोर झाली. तेव्हा उत्तर जरा लांबेल.

आधी थोडक्यात. विलीनीकरण हा मगोचा झेंडा होता. त्या झेंड्याखाली जमलेला माणूस आला होता तो कुळाच्या हक्कासाठी, गावातल्या शाळेसाठी आणि भाटकाराच्या, म्हणजे जमीनदाराच्या, अंगणात खाली मान घालून उभं राहावं लागू नये म्हणून. कौलात झेंडा पडला, पण या माणसाचं काम अजून व्हायचं होतं, म्हणून तो पक्षाबरोबर राहिला. ते काम बऱ्यापैकी झालं तेव्हा पक्षाकडे त्याला द्यायला नवं काही उरलं नव्हतं. पुढची सगळी गोष्ट फुटींची आहे.

गोवा 19 डिसेंबर 1961 रोजी मुक्त झाला. पोर्तुगिजांची साडेचारशे वर्षं सगळ्या गोव्याला सारखी आली नव्हती. तिसवाडी, बार्देश, सासष्टी, मुरगाव या जुन्या काबिजादी, म्हणजे पोर्तुगिजांनी आधी जिंकलेले तालुके. तिथे ख्रिस्ती वस्ती मोठी, पोर्तुगीज शिक्षण मुरलेलं. पेडणे, डिचोली, सत्तरी, फोंडा, सांगे, केपे, काणकोण या नव्या काबिजादी अठराव्या शतकात पोर्तुगिजांकडे आल्या. तिथे देवळं टिकली, देवळांभोवतीची गावरहाटी टिकली आणि मराठीही टिकली. महाराष्ट्रातल्या वाचकाला इथे नेहमी एक गोष्ट उलगडून सांगावी लागते. पेडण्याचा किंवा डिचोलीचा हिंदू माणूस घरात कोंकणी बोलतो. त्याची आरती, कीर्तन, भजन, जत्रेतलं नाटक, पंचांग आणि वर्तमानपत्र मात्र मराठीत. ‘तुझी भाषा कोणती?’ या प्रश्नाला तो प्रसंग बघून उत्तर देतो, आणि दोन्ही उत्तरं खरी असतात. हे ज्याला कळत नाही त्याला मगोही कळत नाही.

जमिनीची मांडणी दोन्ही भागांत एकसारखी जाचक होती. जमीन भाटकाराची, कसणारं कूळ वेगळं. त्याच्याही खाली मुंडकार, म्हणजे भाटकाराच्या जागेत झोपडं बांधून राहणारा, ज्याला भाटकाराच्या मर्जीवर उठवता येत असे. मुक्तीनंतर मतदानाचा हक्क आला आणि हिशेब साधा होता: भाटकार मूठभर, कुळं-मुंडकार हजारोंनी.

काँग्रेसला हा हिशेब कळला नाही. 1963 च्या पहिल्या निवडणुकीत तिने मुक्तिलढ्याची पुण्याई आणि गावोगावच्या वजनदार घराण्यांवर भिस्त ठेवली. नेहरूंचा करिष्मा देशभर असताना गोव्यातल्या 28 जागांपैकी काँग्रेसला एकही मिळाली नाही. जी एक मिळाली ती दमणची. दीवसह सभागृह 30 चं होतं. मगोने प्रजासमाजवाद्यांच्या साथीने 16 जागा घेतल्या आणि जॅक सिक्वेरांच्या विलीनीकरणविरोधी युनायटेड गोवन्सने 12. देशभर एकच पक्ष राज्य करत असताना गोव्यात सत्ताधारी आणि विरोधक दोन्ही प्रादेशिक होते. माझ्या मते गोव्याच्या राजकारणातली ही सगळ्यात कमी चर्चिली गेलेली गोष्ट आहे.

20 डिसेंबर 1963 रोजी दयानंद बांदोडकर मुख्यमंत्री झाले. भाऊसाहेब, किंवा गोव्यात नुसतेच भाऊ. जन्म 1911 चा, पेडण्याचा. बहुजन समाजातून वर आलेले, स्वतःच्या हिमतीवर खाणमालक झालेले. खाणमालकाने कुळांचा पक्ष चालवावा हे पुस्तकी राजकारणात बसत नाही, आणि इथेच या पक्षाचा मध्यममार्ग दिसतो. भाऊंना भांडवलाचं वावडं नव्हतं, कारण त्यांच्याकडेच ते होतं. जमीनदारीबद्दल मात्र त्यांना बिलकुल ममत्व नव्हतं. डावे त्यांना आपला म्हणू शकत नव्हते आणि भाटकारांना तर ते नकोच होते. पक्षाचा मतदार हिंदू बहुजन, पण सरकारचा कारभार देवाधर्माच्या नावाने चालला नाही. ‘उजवा की डावा’ असं कुणी विचारलं तर मी सांगतो: हातात कुळकायदा, खिशात खाणीचा पैसा, तोंडात मराठी. याला कुठल्या खणात ठेवायचं ते तुम्ही ठरवा.

पक्षाचा प्रादेशिकपणाही विचित्रच. तेलुगू देसमने तेलुगूंच्या स्वाभिमानाची हाक दिली, आसाम गण परिषद आसामची ओळख राखायला निघाली. प्रादेशिक पक्ष सहसा ‘आमचा प्रदेश आमचा’ म्हणतात. मगो म्हणत होता, आमचा प्रदेश शेजारच्या राज्यात मिसळा. ‘आमचें गोंय आमकां जाय’ (आमचा गोवा आम्हाला हवा) ही घोषणा विरोधकांची होती. स्वतःचा प्रदेशच नकाशावरून पुसायला निघालेला प्रादेशिक पक्ष निदान मला दुसरा आठवत नाही.

यामागचं तर्कशास्त्र मात्र पक्कं होतं. छोट्या गोव्यात भाटकार, शिकलेला उच्चवर्णीय आणि शहरातला ख्रिस्ती भद्रलोक यांचं वजन नेहमी जास्त राहणार. महाराष्ट्राच्या बहुजन राजकारणात मिसळलो तर पाठीशी मोठा समाज येईल. भाषेचा अभिमान होताच, पण भाषेच्या आत हे गणितही होतं.

1965 मध्ये गोव्याच्या विधानसभेत विलीनीकरणाचा ठराव झाला, महाराष्ट्राच्या विधानसभेतही झाला. तिकडे म्हैसूर राज्याचा विरोध होता. सिक्वेरांची हुशारी अशी, की त्यांनी प्रश्न सभागृहाबाहेर काढला. आमदारांच्या बहुमतावर एखाद्या प्रदेशाचं अस्तित्व ठरू नये, लोकांना थेट विचारा, असा त्यांनी दिल्लीत धोशा लावला. गोवा काँग्रेसचे पुरुषोत्तम काकोडकरही दिल्लीत याच खटपटीत होते. कायदा डिसेंबर 1966 मध्ये झाला. कौल निःपक्षपाती व्हावा म्हणून भाऊंच्या सरकारने त्याआधीच, त्या महिन्याच्या सुरुवातीला राजीनामा दिला.

16 जानेवारी 1967. दोन चिन्हं: विलीनीकरणाला फूल, केंद्रशासित राहण्याला दोन पानं. स्वतंत्र भारतात अशा प्रश्नावर सरकारने लोकांचा थेट कौल घेतल्याचे दाखले फार थोडे आहेत. 3,88,432 मतदारांपैकी 3,17,633 जणांनी मत दिलं. दोन पानांना 1,72,191, फुलाला 1,38,170. फरक 34,021 चा.

या फरकात मला नेहमी रस वाटतो, कारण तो एकट्या ख्रिस्ती मतांनी पडणं शक्य नव्हतं. तेव्हाही गोव्यात हिंदू बहुसंख्य होते. म्हणजे 1963 मध्ये मगोच्या सिंहाला मत दिलेल्या घरांतूनही काही मतं पानांना गेली. का गेली? प्रचार पाहिला की कळतं. महाराष्ट्रात दारूबंदी होती. विलीन झालो तर माडाची सूर काढणाऱ्या रेंदेराचं काय? महाराष्ट्रातून प्रतिनियुक्तीवर आलेले कारकून आणि अधिकारी लोकांच्या डोळ्यांत खुपत होते. आणि शेजारचा रत्नागिरी जिल्हा समोर दिसत होता. (सिंधुदुर्ग तेव्हा वेगळा नव्हता, तो 1981 चा.) मुंबईच्या मनीऑर्डरीवर जगणारा तो जिल्हा दाखवून प्रचारक विचारत, आपल्याला असं व्हायचंय का? गंमत म्हणजे हा विलीनीकरणविरोधी प्रचार सगळ्यात धारदार झाला तो मराठीतून. ‘राष्ट्रमत’ हे मराठी दैनिक, त्यात उदय भेंब्रे यांचं ‘ब्रह्मास्त्र’ सदर. मराठीत वाचून गोव्याने महाराष्ट्राला नकार दिला! मराठी येणं आणि महाराष्ट्रात जाणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, हे गोंयकाराने त्या दिवशी एकदाचं सांगून टाकलं.

पुढची घटना तुमच्या पहिल्या प्रश्नाचं उत्तर आहे. कौलानंतर जेमतेम अडीच महिन्यांत, मार्च 1967 मध्ये विधानसभेची निवडणूक झाली. सगळ्यांना वाटलं, मगो संपला. मगोला 16 जागा, युनायटेड गोवन्सला 12. जवळपास 1963 चाच आकडा. भाऊ पुन्हा मुख्यमंत्री. जानेवारीत ‘विलीनीकरण नको’ म्हणणाऱ्या काही हातांनी मार्चमध्ये ‘भाऊ हवेत’ म्हटलं. मतदाराने मागणी आणि माणूस यांची इतकी स्वच्छ फोड केलेली मी माझ्या कारकिर्दीत कधी पाहिली नाही. 1972 मध्ये जागा 18 वर गेल्या.

कारण सरकार रोजच्या जगण्यात दिसत होतं. 1964 चा कुळकायदा आला आणि कुळाला उठवणं अवघड झालं. गावोगाव सरकारी प्राथमिक शाळा निघाल्या, बहुतेक मराठी. पोर्तुगीज काळात खासगी मास्तराकडे, देवळाच्या मंडपात चार अक्षरं शिकणारी पोरं आता सरकारी शाळेत बसू लागली. त्या शाळांतून निघालेली पिढी पुढे कारकून, शिक्षक, पंच, आमदार झाली. डिचोली-सत्तरीकडे जुन्या घरांत भाऊंचा फोटो देवांच्या फोटोंशेजारी लावलेला मी कितीदा तरी पाहिलाय. अशा घरात बसून ‘विलीनीकरण चूक होतं की बरोबर’ असं विचारलं की यजमान विषय बदलतात आणि शाळेबद्दल बोलतात.

भाऊ 12 ऑगस्ट 1973 रोजी पदावर असतानाच गेले. त्यांची मुलगी शशिकला काकोडकर मुख्यमंत्री झाल्या, वय अवघं 38. गोव्याच्या पहिल्या, आणि आजवर एकमेव, महिला मुख्यमंत्री. ‘ताईंना वडिलांची गादी मिळाली’ हे वाक्य मी इतक्यांदा ऐकलंय की आता चीड येते. कारण भाऊंच्या कायद्याने कुळाला संरक्षण दिलं होतं, मालकी दिली ती ताईंच्या काळात. 1975 चा मुंडकार कायदा आणि 1976 ची कुळकायद्याची पाचवी दुरुस्ती. या दुरुस्तीने कसणारा हाच जमिनीचा मालक मानला गेला. भाटकार कोर्टात गेले, प्रकरणं वर्षानुवर्षं अडकली, मामलेदारांच्या कचेऱ्यांत त्यांतली काही आजही धूळ खातायत. पण घाव बसायचा तो बसला. एका अर्थी या दुरुस्तीने पक्षाचं जन्मकार्यच पार पडलं.

आणि इथूनच उतरण लागली. हे माझं मत आहे, माझे दोघे-तिघे व्यवसायबंधू ते मानत नाहीत. त्यांच्या मते घसरणीचं कारण ताईंचा कारभार, काहींच्या मते आणीबाणीनंतरची हवा. 1977 मध्ये मगो 30 पैकी 15 वर आला, काँग्रेसने 10 घेतल्या आणि प्रथमच ती गोव्यात खरी विरोधक झाली. युनायटेड गोवन्स विरून गेला होता. एप्रिल 1979 मध्ये पक्षातल्याच काही आमदारांनी ताईंची साथ सोडली, सरकार कोसळलं, राष्ट्रपती राजवट आली. हे सगळं खरं. पण ज्या पक्षाच्या मतदाराला अजून काही मिळवायचं असतं, तो पक्ष एका पराभवाने ढासळत नाही. 1980 मध्ये मगो 7 वर आला आणि पुन्हा कधीही स्वतःच्या बळावर सरकारात बसला नाही.

1980 मध्ये जिंकलं कोण, तेही पाहा. काँग्रेस (अर्स) ला 20 जागा आणि मुख्यमंत्री प्रतापसिंह राणे. हे राणे सत्तरीचे, 1972 मध्ये मगोतर्फे निवडून आलेले, भाऊंच्या मंत्रिमंडळात मंत्री राहिलेले. म्हणजे मगोला हरवायला काँग्रेसला मगोच्याच शाळेतला माणूस लागला. पुढे अर्स काँग्रेस इंदिरा काँग्रेसमध्ये मिळाली आणि राणेंनी दहा वर्षं राज्य केलं. कुळकायदा त्यांनी मोडला नाही, मराठी शाळा बंद केल्या नाहीत. मग कुळाच्या मुलाने मगोसाठी जीव का टाकावा?

ताईही काही काळ काँग्रेसमध्ये गेल्या, मग बाहेर पडून वडिलांच्या नावाने ‘भाऊसाहेब बांदोडकर गोमंतक पक्ष’ काढला. तो चालला नाही आणि त्या मगोत परतल्या. मधल्या काळात पक्ष जिवंत ठेवला तो रमाकांत खलप यांच्यासारख्या मोजक्या लोकांनी. 1984 मध्ये 8 जागा आल्या.

याच दशकात भाषावाद पेटला: राजभाषा कोंकणी की मराठी? 1985 ते 1987 या काळात गोवा उभा फाटला, 1986 च्या डिसेंबरात माणसं मेली. 4 फेब्रुवारी 1987 रोजी राजभाषा कायदा झाला: देवनागरी कोंकणी राजभाषा, आणि मराठीचा सरकारी कामकाजात वापर करता येईल अशी तरतूद. 30 मे 1987 रोजी गोवा देशाचं पंचविसावं राज्य झालं. म्हणजे विलीनीकरणाचं दार पहिल्यांदा 1967 मध्ये लोकांनी लावलं आणि वीस वर्षांनी संसदेने त्याला कडी घातली.

तरी मगो मेला नाही. उलट मराठीच्या दुखावलेल्या भावनेवर तो पुन्हा फुलला. माझी पहिली विधानसभा निवडणूक ती: नोव्हेंबर 1989, सभागृह आता 40 चं. काँग्रेस 20, मगो 18, अपक्ष 2. जुन्या सचिवालयात, मांडवीच्या काठी, मगोच्या गोटात त्या रात्री जो उत्साह होता तो मी विसरणार नाही. दहा वर्षांनी सत्ता तीन आमदारांच्या अंतरावर होती.

मार्च 1990 मध्ये काँग्रेसचे सात आमदार फुटले. वीसमधले सात म्हणजे एक-तृतीयांशाच्या जरा वर, तेव्हाच्या पक्षांतरबंदी कायद्यात ‘फूट’ म्हणून बसणारा नेमका आकडा. त्यांनी मगोशी हातमिळवणी केली. मुख्यमंत्री कोण? आधी चर्चिल आलेमांव, 18 दिवस. मग लुईस प्रोत बार्बोझ. दोघेही त्या सातांतले. अठरा आमदारांचा पक्ष सात आमदारांच्या गटाचा कनिष्ठ भागीदार झाला, खलप उपमुख्यमंत्री. मध्यममार्गी पक्षाला दोन्हीकडे जाता येतं हे त्याचं बळ म्हणतात. त्या वर्षी मी ते दुबळेपण म्हणून पाहिलं. कुणाशीही जमवून घेता येतं असं एकदा दिसलं की प्रत्येक जण आपली किंमत लावू लागतो, आणि मग तुमचा आमदारही लावतो.

त्या सरकारात ताई शिक्षणमंत्री होत्या. प्राथमिक शाळा मराठी किंवा कोंकणी माध्यमाची असेल तरच सरकारी अनुदान, हा निर्णय त्यांचा. चर्चच्या शाळांनाही त्यामुळे कोंकणी माध्यम घ्यावं लागलं. सरकार वर्षभरही टिकलं नाही, निर्णय मात्र वीस वर्षं टिकला. मगोच्या धोरणातलं टिकलेलं शेवटचं मोठं काम हेच.

डिसेंबर 1990 मध्ये सरकार पडलं आणि आता फुटायची पाळी मगोची होती. फोंडा भागातले, कुळ-मुंडकार चळवळीतून आलेले रवी नाईक आठ आमदारांचा गट घेऊन बाहेर पडल्याचा दावा करत काँग्रेसच्या पाठिंब्याने जानेवारी 1991 मध्ये मुख्यमंत्री झाले. भाऊंच्या राजकारणाचा खरा वारस म्हणावा असा माणूस मुख्यमंत्री झाला, पण मगो सोडून! सभापती सुरेंद्र सिरसाट मगोचे. त्यांनी नाईकांना अपात्र ठरवलं. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं आणि 1994 मध्ये निकाल लागला. नाईकांची अपात्रता रद्द झाली. मगोच्याच बांदेकर आणि चोपडेकर या दोन आमदारांची अपात्रता मात्र टिकली. त्याच निकालात न्यायालयाने म्हटलं, की राजीनामा दिला नसला तरी आमदाराच्या वागण्यावरून त्याने पक्ष सोडला असं मानता येतं. आज देशात कुठेही आमदार फुटले की वकील हा निकाल काढतात. मगोने भारतीय घटनात्मक कायद्याला दिलेली ही देणगी. तिची किंमत पक्षाने स्वतः मोजली.

मग 1994. इथे मगोने जी चूक केली ती पुन्हा सुधारता आली नाही. भाजपला तोवर गोव्याच्या विधानसभेत एकही जागा नव्हती. मगोने त्यांच्याशी युती केली, शिवसेनाही सोबत. मगोला 12 जागा, भाजपला 4. त्या चारांत पणजीचे मनोहर पर्रीकर आणि मडकईचे श्रीपाद नाईक होते. मडकई म्हणजे फोंडा तालुका, मगोचं माजघर. पाहुण्याला थेट माजघरात बसवलं. पुढचं आकडेच सांगतात. 1999 मध्ये भाजप 10, मगो 4. 2002 मध्ये भाजप 17, मगो 2. हिंदू बहुजन मतदाराला तोच समाज, तीच गावं आणि वर दिल्लीची सत्ता, असा पर्याय मिळाला होता.

तुम्ही म्हणाल, युती केली नसती तर वाचला असता का? कदाचित भाजपला यायला आणखी एक-दोन निवडणुका लागल्या असत्या. मला त्याहून जास्त वाटत नाही. 1996 मध्ये खलप उत्तर गोव्यातून लोकसभेवर गेले आणि देवेगौडांच्या संयुक्त आघाडी सरकारात कायदा खात्याचे राज्यमंत्री झाले. तेलुगू देसम, आसाम गण परिषद, द्रमुक यांच्या पंगतीत मगो बसला तो एवढाच काळ. दोन वर्षांनी ती जागा गेली, खलपही पुढे काँग्रेसमध्ये गेले. दोन वर्षांपूर्वी भाजपशी राज्यात युती, आता भाजपविरोधी आघाडीचं केंद्रात मंत्रिपद. मतदाराने नेमकं कशाला मत द्यायचं?

2002 नंतरचा मगो हा बहुतांशी ढवळीकर बंधूंचा पक्ष आहे. सुदिन ढवळीकर 1999 पासून मडकईतून सलग निवडून येतात. दीपक ढवळीकर पक्षाध्यक्ष. हे मी हिणवून सांगत नाही. दोन-तीन आमदारांच्या पक्षाने जवळपास प्रत्येक सरकारात, काँग्रेसच्या आणि भाजपच्याही, मंत्रिपद मिळवावं हे कसब आहे. बांधकाम खातं हातात असलं की रस्ता होतो, रस्ता झाला की मडकई खूश. पण हे राजकारण एका तालुक्यात मावतं.

एकदा मात्र जुना अंगार दिसला. 2011 मध्ये काँग्रेस सरकारने इंग्रजी प्राथमिक शाळांना अनुदान द्यायचं ठरवलं, म्हणजे ताईंचा 1990 चा निर्णय मोडला. ताई वयाच्या पंचाहत्तरीनंतर पुन्हा रस्त्यावर आल्या. 2012 मध्ये भाजप-मगो युती सत्तेवर आली, पण भाजपनेही ते अनुदान सुरूच ठेवलं. त्यातून संघाचे सुभाष वेलिंगकर फुटले, त्यांचा गोवा सुरक्षा मंच, मगो आणि शिवसेना 2017 मध्ये एकत्र लढले. ताई त्याआधीच, ऑक्टोबर 2016 मध्ये गेल्या. मगोला 3 जागा मिळाल्या, मतं मात्र अकरा टक्क्यांच्या आसपास. आणि निकालानंतर तीन दिवसांत मगो पुन्हा पर्रीकरांच्या सरकारात!

मार्च 2019 मध्ये पर्रीकर गेले. प्रमोद सावंतांच्या मध्यरात्रीच्या शपथविधीनंतर सुदिन उपमुख्यमंत्री झाले. आठवडाभराने, 27 मार्चला, पुन्हा मध्यरात्रीनंतर, मगोच्या तीनपैकी दोन आमदारांनी विधिमंडळ पक्ष भाजपमध्ये विलीन केल्याचं पत्र दिलं: पेडण्याचे मनोहर ऊर्फ बाबू आजगावकर आणि सावर्डेचे दीपक पाऊसकर. 2003 च्या घटनादुरुस्तीने एक-तृतीयांश फुटीची पळवाट बंद केली होती, दोन-तृतीयांश ‘विलीनीकरणा’ची उघडी ठेवली होती. तीनमधले दोन म्हणजे बरोबर दोन-तृतीयांश. सुदिन त्याच दिवशी मंत्रिमंडळाबाहेर, आजगावकर उपमुख्यमंत्री. सकाळी फोनवर बातमी सांगताना संपादकांनी विचारलं, मथळा काय देऊ? मी म्हटलं, ‘मगोचं विलीनीकरण’. ते हसले, छापलं नाही.

पेडणे भाऊंचं जन्मगाव, हे मुद्दाम सांगतो.

2022 मध्ये मगोने तृणमूल काँग्रेसशी युती केली, 2 जागा आल्या: मडकईतून सुदिन, मांद्र्यातून जीत आरोलकर. निकाल लागताच पक्षाने भाजपला पाठिंबा दिला आणि सुदिन पुन्हा मंत्री. आजगावकर आणि पाऊसकर दोघेही हरले.

आता नावाचं. पक्षात हा विषय अधूनमधून निघतो आणि विरतो. विलीनीकरण कुणालाच नको आहे, पक्षालाही नाही. मग ‘महाराष्ट्रवादी’ हा शब्द ओझं नाही का? बाहेरच्याला वाटतं. पण फोंड्याच्या बाजारात उभं राहून ऐका, हा शब्द कुणी उच्चारतच नाही. लोक ‘मगो’ म्हणतात, आणि म्हातारी माणसं तेही म्हणत नाहीत. 2022 च्या मतदानाच्या दिवशी मांद्र्यातल्या एका केंद्राबाहेर नातवाचा हात धरून आलेली एक आजी विचारत होती, शींव खंय आसा? म्हणजे सिंह कुठे आहे. नातवाने यंत्रावरचा क्रमांक सांगितला आणि ती आत गेली.